छावणीतलं बालपण लिहून ठेवताना : देवळीच्या आठवणी गोळा करण्याची पद्धत

भारत-चीन युद्धाच्या वेळी, 1962 च्या नोव्हेंबरात आसाम, शिलाँग, दार्जिलिंग या भागांतल्या चिनी वंशाच्या कुटुंबांना पोलिसांनी घरातून उचललं, आधी जवळच्या तुरुंगात ठेवलं आणि मग रेल्वेने देश ओलांडून राजस्थानातल्या देवळीच्या छावणीत नेलं. आकडा साधारण 3,000 चा सांगितला जातो. त्यात तान्ही बाळं होती, शाळकरी पोरं होती, काहींचा तर जन्मच छावणीत झाला. शेवटची माणसं 1967 मध्ये सुटली. तेव्हा आठ वर्षांचं असलेलं मूल आज सत्तरी ओलांडून गेलं आहे. ज्याला हे काम करायचं आहे त्याने ते पुढच्या दिवाळीवर ढकलू नये.

मुलांच्या आठवणींबद्दल एक गोष्ट आधीच पक्की करून घ्या. मूल तारखा चुकतं, अंतरं चुकतं, आणि आपल्याला का पकडलं हे तर त्याला कुणी सांगितलेलंच नसतं. पण भात कच्चा होता की करपलेला, निघताना आईने काय उचललं, रात्री संडासाला जाताना कुठल्या कोपऱ्यावर अंधार असायचा, हे त्याला लख्ख आठवतं. सरकारी कागदांत नेमकं हेच सापडत नाही. म्हणून मुलाने पाहिलेलं आणि कागदावर सापडलेलं, दोन्ही ठेवायचं, शेजारीशेजारी ठेवायचं, आणि एकाने दुसऱ्याला दुरुस्त करायचं नाही. पुढचं सगळं या एका नियमावर उभं आहे.

मुलाखतीआधीची तयारी

पहिली गोष्ट कायद्याची. 26 ऑक्टोबर 1962 ला आणीबाणी जाहीर झाली. त्यानंतर परदेशी नागरिकांसंबंधीचा कायदा असा बदलला, की ज्याचे आईवडील किंवा आजीआजोबा यांच्यापैकी कुणीही कधीकाळी शत्रुराष्ट्राचे नागरिक होते, तोही त्याच्या कक्षेत आला. भारतात जन्मलेली, हिंदी, नेपाळी किंवा आसामी बोलणारी मुलं छावणीत कशी पोहोचली याचं उत्तर इथे आहे. हे नीट समजून घेतलं नाही तर ‘पण तुम्ही तर भारतीय होता ना?’ असा प्रश्न तोंडून निघतो, आणि तो समोरच्याला साठ वर्षांनी पुन्हा चौकशी झाल्यासारखा लागतो.

दुसरी गोष्ट, एक पानी कालपट. तो स्वतःच्या वहीत ठेवा, समोरच्याला दाखवू नका. 20 ऑक्टोबर 1962 ला युद्धाला तोंड फुटलं. 21 नोव्हेंबरला चीनने एकतर्फी युद्धबंदी केली, म्हणजे अनेक कुटुंबं छावणीत पोहोचली तेव्हा लढाई थांबलेली होती. 25 जानेवारी 1963 हे छावणीतलं पहिलं चिनी नववर्ष, सशाचं. 1963 मध्येच चीनने पाठवलेली जहाजं मद्रास बंदरातून कितीतरी कुटुंबांना घेऊन गेली. 13 फेब्रुवारी 1964 ला ड्रॅगनचं वर्ष लागलं. 27 मे 1964 ला नेहरू गेले. 2 फेब्रुवारी 1965 ला सापाचं वर्ष, त्याच सप्टेंबरात पाकिस्तानशी युद्ध. 11 जानेवारी 1966 ला शास्त्री गेले आणि त्याच महिन्याच्या 21 तारखेला घोड्याचं वर्ष लागलं. 9 फेब्रुवारी 1967 ला बकरीचं.

‘तुम्ही किती वर्षं आत होतात?’ असं विचारलं की ‘तीन-चार असतील’ असं गोल उत्तर येतं. त्याऐवजी विचारा, ‘आत असताना किती नववर्षं झाली?’ किंवा ‘नेहरू गेल्याचं कुठे कळलं?’ सुटकेचा महिना बऱ्याचदा अशाच प्रश्नातून हाती लागतो. ऋतूही उपयोगी पडतात. पूर्वेकडच्या डोंगरातून आणि चहामळ्यांतून आलेल्या मुलांना राजस्थानची लू आणि डिसेंबरची कोरडी थंडी या दोन्ही गोष्टी नव्या होत्या, त्यामुळे त्या पक्क्या लक्षात राहिलेल्या असतात.

तिसरी गोष्ट नावांच्या घोळाची. इंग्रजी सूचींमध्ये देवळी शोधलं की वर्धा जिल्ह्यातलं देवळीही येतं, आणि नाशिकजवळच्या देवळालीचे कागदही त्यात मिसळतात. दुसऱ्या महायुद्धात देवळालीतही जर्मन स्थानबद्ध ठेवले होते, म्हणजे विषयसुद्धा सारखा दिसतो. आपल्याला हवी ती देवळी टोंक जिल्ह्यातली. शिवाय त्याच छावणीच्या भिंतींत थरावर थर आहेत. 1941 मध्ये तिथे कॉम्रेड डांगे आणि जयप्रकाश नारायण यांच्यासारखे राजबंदी होते. 1943 पासून मलाया-सिंगापूरकडून आणलेली जपानी कुटुंबं होती, तीही मुलाबाळांसह. मग 1962 ची चिनी-भारतीय कुटुंबं. फाईल हाती आली की आधी साल पाहायचं, मजकूर नंतर.

कागद कुठे मिळतात

राष्ट्रीय अभिलेखागाराचं ‘अभिलेख पटल’ हे संकेतस्थळ घरबसल्या चाळता येतं. लोकसभा आणि राज्यसभेच्या 1962 ते 1967 च्या कामकाजाच्या प्रतीही ऑनलाइन आहेत. शोधताना ‘इंटर्नी’, ‘डिटेनू’ (दोन्हींचा अर्थ स्थानबद्ध), ‘चायनीज नॅशनल्स’ असे तिन्ही इंग्रजी शब्द वेगवेगळे टाकून पाहा. एकच शब्द टाकणाऱ्याला निम्मंही सापडत नाही. रेड क्रॉसच्या आंतरराष्ट्रीय समितीचे प्रतिनिधी देवळीला गेले होते, तेव्हा तिचे त्या वर्षांचे वार्षिक अहवालही पाहा.

माहिती अधिकाराचा अर्ज फक्त भारतीय नागरिकाला करता येतो. देवळीतली अनेक कुटुंबं पुढे टोरांटोकडे स्थायिक झाली, कॅनडाची नागरिक झाली, त्यांना हा मार्ग बंद आहे. इथे तुम्ही त्यांच्या खऱ्या उपयोगी पडता. शुल्क 10 रुपये, उत्तराची मुदत 30 दिवस, पहिलं अपीलही 30 दिवसांच्या आत. अर्ज गृह मंत्रालयाकडे करा. बहुतेक अर्ज एकाच कारणाने वाया जातात: ‘अमुक कुटुंबाला का पकडलं?’ असा प्रश्न विचारलेला असतो. या कायद्याखाली कागद मिळतात, कारणमीमांसा मिळत नाही. ‘देवळी छावणी, 1962 ते 1967, स्थानबद्धांच्या याद्या, सुटकेचे आदेश, या विषयावरील फाईलींचे क्रमांक आणि त्या सध्या कुठे आहेत’ असं लिहा. वीस वर्षांहून जुन्या घटनेबद्दलची माहिती रोखण्याची कारणं कायद्याने मोजकीच ठेवली आहेत, ते कलम 8(3) अर्जात नमूद करा. ‘फाईल अभिलेखागाराकडे पाठवली’ असं उत्तर आलं तर निराश होऊ नका, पाठवल्याची तारीख आणि यादी मागा.

मुंबईकरांसाठी एक जवळचा दरवाजा आहे. चिनी नागरिक ठरवलेल्यांच्या काही मालमत्ता शत्रू मालमत्ता म्हणून ताब्यात गेल्या, आणि त्या खात्याच्या अभिरक्षकाचं कार्यालय मुंबईत आहे. एखाद्या मुलाला आठवणारं ‘आमचं दुकान’ कोणत्या रस्त्यावर होतं याचा पत्ता अशा नोंदीत निघू शकतो.

शाळा मात्र लोक विसरतात. दार्जिलिंग-शिलाँगच्या मिशनरी शाळांत शिकणाऱ्या मुलांची नावं नोव्हेंबर 1962 नंतर हजेरीतून गायब होतात. जनरल रजिस्टरमध्ये शेरा काय मारला आहे ते पाहा. मुख्याध्यापकांना लेखी पत्र द्या, सोबत त्या व्यक्तीचं संमतिपत्र जोडा आणि तिच्या स्वतःच्या नोंदीपुरतीच प्रत मागा. सगळं रजिस्टर मागितलं की दार बंद होतं, आणि ते बरोबरच आहे.

संमती

एका सहीत सगळं उरकू नका. सहा वेगळ्या ओळी करा आणि प्रत्येकीपुढे होय-नाही ठेवा: ध्वनिमुद्रण, शब्दांकन, छपाई, खरं नाव, छायाचित्र, संग्रहालयात ठेव. खाली एक वाक्य असावं की छपाईला जाईपर्यंत कधीही, कारण न देता माघार घेता येईल. कागद त्या व्यक्तीला वाचता येणाऱ्या भाषेत हवा. हिंदी बोलणाऱ्या प्रत्येकाला देवनागरी वाचता येतेच असं नाही. तसं असेल तर मजकूर मोठ्याने वाचा आणि होकार मुद्रित करा.

भीती अजून गेलेली नाही, हे गृहीत धरून चाला. काहींना व्हिसाची चिंता असते, काहींनी हा सगळा प्रकार स्वतःच्या मुलांनाही सांगितलेला नसतो. भावंडांपैकी एकाचा होकार म्हणजे सगळ्यांचा होकार नव्हे. थोरल्या बहिणीने सांगितलेल्या गोष्टीत धाकट्या भावाचं नाव असेल तर त्यालाही विचारा.

मुलाखत

एका बैठकीला 60 ते 90 मिनिटं पुरे. दुसरी बैठक साधारण आठवड्याने ठेवा. पहिल्या बैठकीनंतर रात्री झोप उडते आणि विसरलेलं वर येतं, त्यामुळे खरा ऐवज पुष्कळदा दुसऱ्या वेळी मिळतो. पहिल्या बैठकीत छायाचित्रं, पुस्तकं, नकाशे काहीही दाखवू नका. देवळीच्या लोकांचे मेळावे झाले आहेत, माहितीपट निघाले आहेत, पुस्तकं आली आहेत. एकमेकांच्या आठवणी ऐकून ऐकून त्या आपल्याच वाटू लागतात. कोरी आठवण एकदाच मिळते.

खोलीत शक्यतो दोघंच असा. नवरा, बायको, मुलगी शेजारी बसली की वाक्यं पुरी करून देते, तारखा सुधारते, ‘ते नको सांगूस’ म्हणते. त्यांना आदराने सांगा की त्यांच्यासाठी वेगळी बैठक ठेवू. ती खरोखर ठेवाही, कारण घरात काय बोललं गेलं आणि काय दाबलं गेलं हे त्यांनाच ठाऊक असतं.

भावना थेट विचारू नका. ‘भीती वाटली का?’ याचं उत्तर ‘हो’ एवढंच येतं आणि विषय संपतो. शरीराला आणि जागेला धरून विचारा. पोलीस आले तेव्हा तुम्ही कुठे उभे होतात? अंगात काय होतं? पायात काय होतं? गाडीत झोपायला कोणाच्या शेजारी? लघवीला कुठे जायचं? पहिलं जेवण कशात वाढलं? सकाळी पहिला आवाज कसला? खेळायला काय होतं आणि ते कशापासून बनवलं? आईला रडताना पाहिलं का, आणि तुम्ही पाहताय हे तिला कळलं का? शेवटचा प्रश्न पहिल्या तासात कधीच नको.

मग नकाशा. हा भाग मन लावून करा. ए-थ्री आकाराचा कोरा कागद आणि एचबी पेन्सिल द्या. खोडरबर देऊ नका, कारण खोडलेलं कायमचं जातं, काट मारलेलं उरतं. छावणीचा नकाशा काढा असं म्हटलं तर माणूस बिचकतो, ‘मला चित्र येत नाही’ म्हणतो. एवढंच म्हणा, ‘तुम्ही जिथे झोपायचात तिथे फुली मारा.’ मग फुलीपासून बाहेर सरका. डोकं कुठल्या बाजूला? शेजारी कोण? दार किती पावलांवर? दारातून समोर काय दिसायचं? नळ कुठे, चूल कुठे, संडास कुठे, तारेचं कुंपण कुठे? पहारेकरी दिसायचा का, की फक्त त्याचे बूट ऐकू यायचे? अंतर फुटांत विचारू नका. ‘इथून हाक मारली तर आईला ऐकू जायची का?’ असं विचारा. उत्तर दिशा, प्रमाण, वॉर्डाचा क्रमांक हे विषयच काढू नका. मोबाईल कागदाच्या वर स्टँडला लावून हात आणि आवाज एकत्र चित्रित करा, कारण कोणती रेघ कोणत्या वाक्याला आली हे नंतर फक्त कागदावरून कळत नाही. शेवटी त्यांच्याच हाताने नाव, तारीख आणि ‘तेव्हाचं वय’ लिहून घ्या.

भावंडांचे नकाशे वेगवेगळ्या दिवशी, वेगवेगळ्या खोल्यांत काढून घ्या. ते जुळणार नाहीत. पाच वर्षांच्या मुलाचं मैदान अकरा वर्षांच्या मुलीच्या अंगणाएवढं असतं. दोन्ही ठेवा. पण नळाची जागा दोघांनीही एकाच बाजूला दाखवली तर त्या तपशिलावर भरवसा ठेवायला हरकत नाही. उपग्रहाचं चित्र सगळ्यांत शेवटी उघडा. प्रत्यक्ष जागी जायचं असेल तर आधी लेखी परवानगी घ्या, तिथे आता केंद्रीय औद्योगिक सुरक्षा दलाचं प्रशिक्षण केंद्र आहे.

रडू आलं तर यंत्राकडे हात नेऊ नका आणि घाईने विषयही बदलू नका. गप्प बसा, पाणी पुढे करा, मग विचारा, ‘थांबवू का मुद्रण?’ निर्णय त्यांचा. सगळ्यांत कठीण प्रसंगावर बैठक कधीही संपवू नका. शेवटची पंधरा मिनिटं सुटकेनंतरच्या आयुष्यासाठी राखून ठेवा: पुन्हा शाळा मिळाली का, पहिली नोकरी, लग्न, आज घरात काय शिजतं. दुसऱ्या दिवशी फोन करून नुसती चौकशी करा, प्रश्न विचारू नका.

मुद्रण

वेव्ह स्वरूप, 48 किलोहर्ट्‌झ, 24 बिट, एकाच वाहिनीवर (मोनो). तासाला साधारण 520 एमबी जागा लागते, हिशेब धरून कार्ड रिकामं ठेवा. कॉलरला लावायचा माईक हनुवटीखाली वीतभर अंतरावर. दागिने, पदर, मफलर त्यावर घासला की ती खरखर नंतर निघत नाही. दुसरं यंत्र म्हणून साधा मोबाईल एअरप्लेन मोडवर टाकून टेबलावर ठेवा, खाली घडी केलेला टॉवेल. पंखा आणि फ्रिज बंद करा, पण फ्रिज पुन्हा सुरू करायची आठवण म्हणून गाडीची किल्ली आतच ठेवा. सुरुवातीला अर्धा मिनिट कुणीही न बोलता खोलीचा आवाज घ्या आणि मग तारीख, ठिकाण, भाषा स्वतः बोलून नोंदवा.

त्याच संध्याकाळी तीन प्रती: एक संगणकावर, एक बाहेरच्या हार्ड डिस्कवर, एक दुसऱ्या गावी किंवा क्लाउडवर. फाईलच्या नावात व्यक्तीचं नाव नको, क्रमांक हवा: ‘देवळी_007_बैठक1_तारीख’. क्रमांक आणि नावांची जोडणारी यादी वेगळ्या ठिकाणी, पासवर्ड लावून.

शब्दांकन आणि तीन खुणा

एका तासाच्या मुद्रणाला सहा ते आठ तास लागतात. हिंदीत नेपाळी, आसामी, हक्का (एक चिनी बोली) शब्द मिसळलेले असतील तर त्याहून जास्त. ऐकू आलेला शब्द आधी देवनागरीत जसाच्या तसा लिहा, मराठी अर्थ पुढच्या रकान्यात. मोबाईलवर आपोआप होणारं शब्दांकन अशा मिश्र बोलीत अनोळखी शब्दाच्या जागी ओळखीचा शब्द घालून टाकतं आणि वाक्य वाचायला गुळगुळीत वाटतं, त्यामुळे चूक सापडत नाही. वापरलंत तर प्रत्येक ओळ कानाने तपासा.

मग प्रत्येक वाक्याला खूण करा: ‘पा’ म्हणजे स्वतः पाहिलेलं, ‘ऐ’ म्हणजे घरच्यांकडून ऐकलेलं, ‘वा’ म्हणजे नंतर वाचलेलं किंवा पडद्यावर पाहिलेलं. नमुना म्हणून असं वाक्य घ्या: ‘डब्यावर खडूने काहीतरी लिहिलं होतं, लोक ओरडत होते, बाबा म्हणाले खिडकी लाव.’ हे सगळं ‘पा’ वाटतं. पण त्या मुलाचं वय तेव्हा पाच असेल तर विचारायला हवं, ‘लिहिलेलं तुम्ही वाचलंत की कोणी सांगितलं?’ बऱ्याचदा लिहिलेलं ‘ऐ’ निघतं, ओरडणं ‘पा’, आणि बाबांचं वाक्य तर इतकं पक्कं असतं की त्यातला सूरही आठवतो. साधारण तीन-साडेतीन वर्षांच्या आधीचं स्वतःचं असं फारसं काही आठवत नाही. त्यामुळे छावणीत जन्मलेल्यांची जवळपास सगळी कहाणी ‘ऐ’ असते. तिचं मोल कमी नाही, फक्त तिचा मूळ सांगणारा आई किंवा आजी आहे हे मजकुरात दिसलं पाहिजे.

कागद आणि आठवण भांडली तर काय करायचं? समजा कुणी म्हणालं, ‘आगगाडी थेट छावणीच्या दारात थांबली.’ देवळीला तेव्हा रेल्वे नव्हती, शेवटचा टप्पा मोटारीचाच. मुलाचं वाक्य तसंच ठेवा आणि खाली बारीक टाइपात एक ओळ द्या. कित्येक दिवसांच्या गाडीनंतरचा मोटारीचा तुकडा झोपेत गेला असेल, हा तुमचा तर्क. तो तर्क म्हणूनच लिहा किंवा लिहूच नका.

वस्तू, चित्रं, फोटो

पत्र आणि कागदपत्रं 400 डीपीआय, फोटो 600, पासपोर्ट आकाराचे 1200, सगळं रंगीत आणि टिफ स्वरूपात. काळापांढरा फोटोही रंगीतच स्कॅन करा, पिवळेपणा आणि शाईचा शेरा त्यात दिसतो. मागची बाजू विसरू नका, स्टुडिओचा शिक्का तिथे असतो. अल्बमला चिकटलेला फोटो ओढू नका, पानासकट स्कॅन करा. लॅमिनेशन, सेलोटेप, स्टेपलर यांपैकी काहीही नको. गंजलेली टाचणी हलक्या हाताने, कागद पालथा ठेवून काढा. आपल्याकडच्या पावसाळ्यात सगळ्यांत मोठा शत्रू बुरशी. आम्लरहित कागदाचे लिफाफे, घट्ट झाकणाचा डबा, आत सिलिका जेलच्या पुड्या, आणि महिन्यातून एकदा पुड्या बदलणं. डांबराच्या गोळ्या कागदाजवळ ठेवू नका.

नाव आणि तारीख प्रत्येक तुकड्यावर हवीच. याचं महत्त्व तेरेझिनने शिकवलं आहे. त्या नाझी छावणीत फ्रिड्ल डिकर-ब्रँडाइस ही चित्रकार मुलांना चित्रकला शिकवायची आणि चित्रावर स्वतःचं नाव घालायला लावायची. 1944 मध्ये तिला आउशविट्झला नेण्यात आलं. मागे राहिलेल्या दोन सुटकेसमध्ये सुमारे 4,500 चित्रं होती, ती आज प्रागच्या ज्यू संग्रहालयात आहेत. त्यातली बहुतेक मुलं वाचली नाहीत. चित्र कोणाचं हे आज सांगता येतं ते त्या सह्यांमुळे.

छावणीतल्या सरकारी फोटोंपासून सावध राहा. अमेरिकेत 1942 पासून सुमारे 1,20,000 जपानी वंशाच्या लोकांना डांबलं, तेव्हा सरकारी छायाचित्रकारांनी हजारो फोटो काढले. त्यात हसरी मुलं भरपूर, पण पहारा-मनोरे आणि काटेरी तारा टिपायला मनाई होती आणि डोरोथिया लँगचे कितीतरी फोटो युद्ध संपेपर्यंत दाबून ठेवले. बंदिवानांना कॅमेरा बाळगायची बंदी होती. मँझनार छावणीत टोयो मियाटाके या बंदिवान छायाचित्रकाराने एक भिंग लपवून नेलं आणि लाकडाचा कॅमेरा बनवला, म्हणून आतून काढलेले फोटो आज आहेत. असा सरकारी फोटो हाती आला की त्याखालच्या ओळीत कोणी काढला, कोणाच्या हुकमाने, हे लिहायलाच हवं.

कागद आत नसतील तर बाहेर शोधा. सॅन डिएगोची ग्रंथपाल क्लारा ब्रीड हिने छावणीत निघालेल्या जपानी वंशाच्या मुलांच्या हातात तिकीट लावलेली पोस्टकार्डं दिली होती. मुलांनी लिहिलेली पत्रं तिने जपली, ती लॉस एंजेलिसच्या जपानी अमेरिकन संग्रहालयात आहेत. देवळीच्या मुलांनाही वर्गमैत्रिणी होत्या, शेजारी होते, शाळेतल्या सिस्टर होत्या. ‘तुम्ही कोणाला पत्र लिहायचात?’ हा प्रश्न यादीत ठेवा आणि त्या व्यक्तीच्या घरच्यांपर्यंत पोहोचा.

लिहिताना

मुलाच्या तोंडी कल्पित संवाद घालू नका. साठ वर्षांनंतर आठवलेलं वाक्य अवतरणात द्या, बाकीचं वर्णनात. सांगणाऱ्याची हिंदी ओबडधोबड असेल म्हणून तिला मराठीतली एखादी ग्रामीण बोली चढवू नका आणि पुस्तकी मराठीही नको. छोटी वाक्यं, त्यांच्याच क्रमाने. त्यांनी ‘दाई’ (नेपाळीत थोरला भाऊ), ‘पापा’, ‘पोपो’ (चिनीत आजी) म्हटलं तर तेच ठेवा. मुलाला जे माहीत नव्हतं ते त्या प्रकरणात वाचकालाही कळू देऊ नका, कायदा आणि तारखा वेगळ्या टिपणात द्या. लिहून झालं की त्यांना त्यांच्या भाषेत वाचून दाखवा. त्यांनी काढायला सांगितलेलं काढा, वाद घालू नका.

नाव लपवायचं असेल तर नुसतं नाव बदलून भागत नाही. गावाचं नाव, वडिलांचा धंदा आणि भावंडांची संख्या एकत्र आली की छोट्या समाजात माणूस लगेच ओळखू येतो. खोटं गाव किंवा खोटा धंदा घालू नका. तपशील गाळा किंवा सैल करा: ‘आसामातलं एक गाव’, ‘दुकान’. एकदा खोटा तपशील शिरला की पुढचा अभ्यासक त्यावर इमारत बांधतो.

हीच पद्धत महाराष्ट्रातही चालते. दुसऱ्या महायुद्धात जर्मन कुटुंबांना साताऱ्यात आणि पुरंदर किल्ल्यावर नजरकैदेत ठेवलं होतं, त्यासाठी मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीतल्या राज्य पुराभिलेखागारापासून सुरुवात करा. कोल्हापूरजवळचं वळिवडे मात्र वेगळं. 1943 ते 1948 मध्ये तिथे राहिलेली पोलिश मुलं निर्वासित होती, कैदी नव्हती. त्यांचा बंदिवास त्याआधीचा, सोव्हिएत संघातल्या हद्दपारीचा. दोन्ही काळ एका प्रकरणात कोंबले की वळिवड्याची शाळा आणि बाजारही तुरुंगासारखे वाचले जातात, हे त्या मुलांवरही अन्याय आणि कोल्हापूरवरही.

संच पूर्ण झाला की पहिली प्रत सांगणाऱ्याच्या घरी जायला हवी: पेन ड्राइव्हवर मूळ मुद्रण, छापील शब्दांकन, नकाशाची रंगीत प्रत. भावंडं असतील तर प्रत्येकाला फक्त स्वतःचं मुद्रण द्या, दुसऱ्याचं त्याच्या लेखी होकारानंतरच. संग्रहालयाकडे देताना करारात तीन गोष्टी लिहून घ्या: कोणत्या सालापर्यंत बंद ठेवायचं, कोणाच्या परवानगीने ऐकता येईल, आणि संस्था बंद पडली तर संच कोणाकडे जाईल.